पाच नंबरची जर्सी छताला

एखाद्याला नारळ द्यायचा तर आधी नारळ मिळायला हवा, आणि स्वीडनमधल्या ग्रानत्रेस्कच्या एकुलत्या एका दुकानात तो वर्षातून फार तर एकदा येतो. म्हणून तिथल्या आइस हॉकी संघाने वेगळी सोय केली आहे. ज्याला घरी बसवायचं त्याची जर्सी हॉलच्या छताला टांगायची. टाळ्या, केक, मुलांचं गाणं, सगळं रीतसर. एकदा नंबर वर गेला की तो पुन्हा कुणी घालायचा नाही, म्हणजे ज्याचा आहे त्यानेसुद्धा नाही. माणसाला 'तू नको' म्हणायची वेळच येत नाही. त्या गावात 'नको' म्हणण्यापेक्षा लोक दोरी आणि कप्पी विकत आणणं पसंत करतात.

होकान बुरवालला हे सगळं ठाऊक होतं, कारण आधीच्या दोन जर्सींची दोरी ओढायला तोच होता.

वीस हंगाम तो ग्रानत्रेस्कच्या बचावफळीत उभा होता. पुढे खेळणाऱ्यांची नावं पेपरात येतात. बचावपटूचं काम म्हणजे मध्ये येणं. हॉकीची रबरी चकती येईल तिथे पाय घालायचा, पाय नसेल तर बरगडी, अगदीच काही नसेल तर तोंड. त्याचे पुढचे तीन दात स्वतःचे नव्हते आणि नाकाने दोनदा दिशा बदलली होती. त्याने केलेले गोल गावात शेंबड्या पोरालाही पाठ होते, कारण ते पाठ करायला फार कष्ट पडत नसत. ऐन तारुण्यात अमेरिकेतल्या एका बड्या संघाने त्याला सरावाला बोलावलं होतं. सहा आठवड्यांत साहेब परत. पेपरवाल्याने कारण विचारलं तर म्हणाला, "कॉफी पातळ होती." खरं कारण त्याने फक्त बायकोला सांगितलं: तिथली माणसं सकाळी सकाळी बोलतात.

दर वर्षी फेब्रुवारीत कॉनी एग्रेन त्याच्याकडे यायचा. कॉनी पूर्वी त्याच्या शेजारी बचावाला खेळायचा; गुडघा गेला आणि तो संघाचा व्यवस्थापक झाला. दोघं अकराव्या वर्षापासूनचे दोस्त. हॉलच्या कॅन्टीनमध्ये बसायचं, दालचिनीचा बन खायचा, कॉनीने कागद पुढे सरकवायचा, होकानने सही करायची. "अजून एक वर्ष?" "अजून एक वर्ष." एवढंच बोलणं, आणि तेसुद्धा दोघांना जास्त वाटायचं.

या फेब्रुवारीत कॉनीच्या हातात कागद नव्हता. त्याने बनऐवजी केक मागवला होता.

"मंडळाने ठरवलंय," कॉनी केककडे बघत म्हणाला, "तुझी जर्सी टांगायची. शेवटच्या घरच्या सामन्याला. ब्रातनेसविरुद्ध."

"अरे वा," होकान म्हणाला.

"मोठा मान आहे."

"आहेच."

"केक चांगलाय ना?"

"चांगलाय."

होकान घरी आला. त्याची बायको उल्रिका बटाटे सोलत होती. ती दातांच्या दवाखान्यात काम करायची; लग्नही तिथल्याच खुर्चीत जमलं होतं, त्याचं तोंड बधिर असताना. त्यामुळे पहिल्यापासून बोलायचं खातं तिच्याकडे होतं.

"काढलं तुला," तिने ऐकून एका वाक्यात निकाल लावला.

"छे! काढायचं असतं तर कॉनी बोलला असता."

"कॉनी? अरे, तुझी टपालपेटी त्याने स्नो-स्कूटरखाली चिरडली तेव्हा बोलला? नाताळला नवी पेटी भेट आणली, पितळी बिजागऱ्यांची! तू त्याला थँक्यू म्हणालास! आणि तुला माहीत होतं!"

"त्याला वाईट वाटलं असतं."

"बघ. एकाला झाकायची आणि दुसऱ्याला पांघरूण घालायची हौस." तिने सुरी खाली ठेवली. "तुला खेळायचंय का अजून?"

होकानने बटाट्यांकडे पाहिलं. खेळायचं होतं. मनापासून, अगदी हावरटासारखं खेळायचं होतं. सकाळी रिकाम्या हॉलमध्ये नव्या बर्फावर पहिली रेघ ओढायची, त्यासाठी तो अजून दहा दात द्यायला तयार होता.

"एक वर्ष," तो म्हणाला.

"मग जाऊन सांग त्याला. तोंड उघडायचं, शब्द बाहेर सोडायचे. दवाखान्यात चार वर्षांची पोरं करतात."

शनिवारी तो कॉनीकडे गेला. तळ्याकाठी कॉनीचा सॉना होता आणि दर शनिवारी दोघं त्यात बसत. आज बोलायचंच, असं होकानने येताना गाडीत चार वेळा मोठ्याने म्हणून पाहिलं होतं. आत गेल्यावर कॉनीने तापल्या दगडांवर पाणी ओतलं.

"बर्फ जाड आहे अजून," कॉनी म्हणाला.

"जाड आहे."

"मासे लागतील."

"लागतील की." होकानने घसा साफ केला. "कॉनी, ते जर्सीचं..."

कॉनीने घाईघाईने आणखी एक पळी ओतली. वाफेत तो दिसेनासा झाला. "हां?" वाफ म्हणाली.

"दोरी बदललीत का? मागच्या वेळी अडकत होती."

"बदलली," कॉनीचा आवाज केवढा तरी हलका झाला. "नायलॉनची घेतली."

होकान घरी आला तो उकडलेल्या खेकड्यासारखा लाल होऊन. उल्रिकाने विचारलं, "बोललास?" तो म्हणाला, "दोरी नायलॉनची आहे." तिने कपाळावर हात मारून घेतला.

सामन्याचा दिवस उजाडला. संध्याकाळी हॉल गच्च भरला. हिरव्या केकवर मोठा पाच काढला होता, मुलं गाणं घोकत होती, आणि कपड्यांच्या खोलीत गुन-ब्रिट उभी होती. गेली तीस वर्षं संघाचे कपडे धुणारी, शिवणारी, आणि स्वीडनच्या त्या भागात क्वचित आढळणारी, मनात येईल ते बोलणारी बाई.

"कॉनी, इकडे ये. पाच नंबर वर जाणार कधी?"

"सामन्याच्या आधी."

"आणि होकान आज खेळणार?"

"खेळणार म्हणजे काय! त्याचाच दिवस आहे."

"काय घालून?"

मंडळाच्या तीन बैठका झाल्या होत्या. केकचा रंग, मुलांचं गाणं, दोरीची जात, सगळं ठरलं होतं. आधीचे दोघं त्या दिवशी खेळणार नव्हते; नंबर एकदा वर गेला की खेळणारा माणूस खाली उघडा पडतो, हे एकाच्याही डोक्यात आलं नव्हतं.

"सामन्यानंतर टांगा," गुन-ब्रिट म्हणाली.

"मुलांना आठ वाजता झोपायचं असतं."

"शाबास! मुलांची झोप बघा आणि बाप्याला उघडा पाठवा." ती कपाट उपसू लागली. शेवटी तिला एक सुटी जर्सी सापडली. एक्क्याण्णव नंबर, पाठीवर नाव नाही, आणि पोटाशी घट्ट. होकानने ती मुकाट्याने अंगात चढवली. आरशात पाहिलं तर कुणीतरी परका, जरा सुटलेला इसम उभा होता.

दिवे मंद झाले. होकान बर्फावर आला, लोक उभे राहिले, आणि भेटी सुरू झाल्या. प्रेक्षक संघटनेकडून घडीची खुर्ची. नगरपालिकेकडून थर्मास. बर्फाला भोक पाडायचं गिरमिट खेळाडूंकडून, आणि बुडाखाली घ्यायचं रेनडिअरचं कातडं मंडळाकडून. एकूण एक भेट बसून राहणाऱ्या माणसाची होती. होकान प्रत्येकाला 'थँक्यू' म्हणत गेला आणि प्रत्येक 'थँक्यू'बरोबर त्याचा आवाज चढत गेला.

मग कॉनीने त्याच्या हातात माईक दिला. रिवाज असा, की खेळाडूने 'धन्यवाद' म्हणायचं, नाक पुसायचं आणि माईक परत द्यायचा.

"धन्यवाद," होकान म्हणाला. त्याने नाक पुसलं. माईक परत देण्यासाठी हात पुढे केला, आणि मागे घेतला.

"कॉनी, मला अजून एक वर्ष खेळायचंय."

पंचक्रोशीतून जमलेली तीन हजार माणसं एकदम आपापल्या बुटांकडे बघू लागली. मुलांच्या गाण्याच्या बाई पेटी धरून थिजल्या. बाकड्यामागून प्रशिक्षक यार्मो, जो फिनलंडचा होता आणि आठवड्यातून दोन वाक्यं बोलायचा, म्हणाला, "शेवटी एकदाचं."

कॉनीने माईक घेतला. "आज बाहेर," तो म्हणाला, "उणे वीस आहे."

"माहीत आहे," होकान माईकशिवायच म्हणाला. "मी विचारलं काय?"

कॉनीच्या कपाळावर घाम आला. इथे वाफ नव्हती, लपायला पळीभरही जागा नव्हती. त्याने डोळे मिटले.

"नाही," तो म्हणाला. "नाही, होकान. पुढच्या वर्षी नाही. तू हळू झालायस."

"किती हळू?"

"अरे, आता सगळ्यांसमोर..."

"किती?"

"बर्फ सारखा करायची ती गाडी आहे ना," कॉनी म्हणाला, "ती परवा सरावाला तुझ्या पुढे गेली."

कुणीतरी फिसकन हसलं. मग शेजारचा हसला, आणि बघता बघता अख्खा हॉल हसू लागला, ब्रातनेसचे पाहुणेसुद्धा. होकान हसला नाही. त्याला लागलं होतं, चांगलंच लागलं होतं. पण हे लागणं ओळखीचं होतं. समोरून आलेली चकती होती ती. अशा हजार त्याने अंगावर घेतल्या होत्या.

"यार्मो तुला नाताळातच सांगणार होता," कॉनी बोलतच सुटला, बांध फुटल्यासारखा. "मीच अडवला. म्हटलं मी सांगतो. मग माझी जीभच उचलेना. तुला नाही म्हटलं आणि तू शनिवारी यायचा बंद झालास, तर मी कुणाकडे जाऊ? म्हणून... म्हणून ही दोरी आणली रे." त्याचे डोळे भरून आले होते आणि ते लपवायला हातात माईकखेरीज काही नव्हतं.

होकान त्याच्याकडे बघत राहिला. एवढा मोठा गडी, पंधरा वर्षं शेजारी उभं राहून मार खाल्लेला, आणि दोन शब्दांना भ्यायला होता. होकानला त्याचा राग आला, आणि त्याच क्षणी त्याच्यावर इतकी माया आली की काय करावं कळेना. त्याने दोरी हातात घेतली आणि स्वतःची जर्सी स्वतःच वर ओढली. दोरी कुठेही अडकली नाही.

सामना झाला. पहिल्याच फेरीत ब्रातनेसचा एक लांबटांग्या गडी त्याच्या बाहेरून असा निघून गेला, की होकान वळून बघेपर्यंत चकती जाळ्यात होती. त्याने मनातल्या मनात हिशेब केला आणि कॉनीला एक गुण दिला. पण त्यानंतर त्याला एकदम मोकळं वाटू लागलं. पाठीवर नाव नव्हतं, जपायला नंबर नव्हता. बर्फावर तो पोरासारखा हुंदडला. शेवटच्या मिनिटाला ग्रानत्रेस्क एका गोलने पुढे होतं, ब्रातनेसने गोलरक्षकही बाहेर काढून सहावा गडी आत घातला होता, आणि त्याच लांबटांग्याने सणसणीत फटका मारला. होकान उशीरच पोचला, पण पालथा घसरत पोचला. चकती त्याच्या बुडावर बसली आणि तिथेच थांबली. हॉल छत उडेल असा ओरडला.

नंतर कपड्यांच्या खोलीत तो एका कुल्ल्यावर बसून बूट सोडत होता. गुन-ब्रिट बर्फाची पिशवी देऊन म्हणाली, "धर. आणि ती जर्सी इकडे दे, पोटाशी उसवलीस माझी." तेवढ्यात कॉनी आत आला. लालबुंद झालेला, टोपी हातात चुरगाळत.

"काय अडवलास रे!" तो म्हणाला.

"लागला तेव्हा कळलं."

"मी काय म्हणतोय..." कॉनीने दाराकडे पाहिलं, खिडकीकडे पाहिलं. "यार्मोशी बोलतो मी. म्हणजे अगदी प्रत्येक सामना नाही, पण... एक्क्याण्णव नंबर तसा मोकळाच आहे. अजून एक वर्ष?"

गुन-ब्रिटने सुई तोंडात धरली आणि गप्प राहिली. हे तिच्या आयुष्यात प्रथमच घडत होतं.

होकानला मनापासून खेळायचं होतं. ते संध्याकाळी जितकं खरं होतं तितकंच आताही होतं. सही करायला हात शिवशिवत होता. पण त्याला मित्राचा चेहरा दिसत होता, आणि तो चेहरा पुन्हा खोटं बोलत होता, प्रेमाने, नेहमीसारखाच.

"नाही, कॉनी," तो म्हणाला.

अठ्ठावीस वर्षांच्या मैत्रीत दोघांनी एकमेकांना दिलेला तो दुसरा नकार होता. पहिला देऊन अजून तीन तासही झाले नव्हते.