पादुकांआडची बाधा

अंबरनाथच्या मोरिवलीतल्या एका बंद पडलेल्या कारखान्याच्या शेडमध्ये दर गुरुवारी दुपारी चार वाजता फोन झोपवले जात. पितळेची मोठी परात, तीत हळद पसरलेली आणि हळदीवर लाल फडक्यांत गुंडाळलेले चाळीस-पन्नास मोबाईल. बुवापाड्यातले कामगार, कॉलेजातली पोरं, बदलापूरहून आलेल्या नोकरदार घरांतल्या सासवा, सगळे त्या परातीकडे टक लावून बसत. मधूनच एखादं फडकं आतून उजळे, बाईच्या हसण्याचा आवाज येई आणि पुढच्या रांगेतल्या बाया पदर तोंडाशी धरून मागे सरकत.

"घाबरू नका," पाटावर बसलेला नाथामहाराज म्हणे. "ती तुम्हाला नाही हसत, मला हसते. जुनी ओळख आहे आमची."

मग त्याचं निरूपण सुरू होई.

"पूर्वी बाधा कुठे बसायची? पिंपळावर. तुम्ही पिंपळ तोडले, बिल्डिंगा बांधल्या, वर टॉवर ठोकले. ती बिचारी जाणार कुठे? टॉवरवर बसली आणि तिथून फोनात उतरली. तुमचा जावई दुबईहून बोलतो, तो तुम्हाला अंबरनाथात ऐकू येतो ना? समोर दिसतो का? मग मेलेला माणूस का नाही बोलणार?"

या 'मग'वर माना डोलत. महाराज परातीतला एक फोन उचलून पडद्यामागे जाई, घंटा वाजे, उदबत्तीचा धूर येई आणि पाच मिनिटांत फोन शांत होऊन बाहेर येई. लोक पायांवर डोकं ठेवत.

त्या गुरुवारी तिसऱ्या रांगेत कुंदा भागवत बसली होती. बदलापूरच्या शिरगावची, वय अठ्ठावन्न. तिने आवाज चढवलेला कोणी ऐकला नव्हता. पहाटे स्नान, चहाच्या आधी पोथीचा एक अध्याय, मग एकशेआठ मण्यांची माळ, गुरुवारी एकभुक्त. एकतीस वर्षांचा नेम. मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर पोथीची बारीक अक्षरं लागेनात, तेव्हा सुनेने, कीर्तीने, पोथी फोनमध्ये घालून दिली होती. अक्षरं बोराएवढी करून.

आणि महिन्यापासून त्याच पोथीवर अर्ध्या कपड्यांतल्या बाया नाचायला लागल्या होत्या. ओवी पुरी होते न होते तोच पडदा झाकून जाई. कधी पत्त्यांचा जुगार, कधी पुरुषांच्या ताकदीचं औषध. फुली दाबायला जावं तर फुली जागा बदले. एकादशीला भजनी मंडळाच्या सात बायकांसमोर कुंदाने स्तोत्रासाठी फोन उघडला आणि त्यातून नको तो आवाज आला, तेव्हा तिने फोन पालथा घातला आणि आत जाऊन रडली. शेजारच्या सरस्वतीबाईंनीच तिला इथे आणलं होतं.

"कधी येतं हे, माई?" महाराजाने विचारलं.

"पोथीच्या वेळी."

"बघा मंडळी. पोथीच्याच वेळी."

कुंदा फोन उघडायचीच मुळी पोथीच्या वेळी. पण हे तेव्हा तिच्या लक्षात आलं नाही.

"घरात परक्या घरातून आलेलं कोण आहे?"

"सून आहे."

"फोनला हात लावते?"

"तिनेच पोथी घालून दिली."

महाराज डोळे मिटून मंद हसला. "पोथी घातली, की पोथीच्या मागून काही घातलं? नाव सांगा तिचं."

शंभर माणसांत कुंदाने सुनेचं नाव सांगितलं.

"ती घरात आहे तोवर बाधा निघायची नाही. सव्वा महिना माहेरी पाठवा, मग फोन घेऊन या. तोवर फोनातल्या नित्यपादुका रोज उघडून दर्शन घेत जा. तेच तुमचं कवच."

परक्या घरातून आलेली बाई कोणाच्या घरात नसते? असा सवाल विचारायला सिद्धी लागत नाही, निर्लज्जपणा लागतो. पण कुंदा मान खाली घालून उठली आणि घरी येऊन तिने तो निरोप जसाच्या तसा सांगितला.

कीर्ती अंबरनाथच्या एका औषध कंपनीत प्रयोगशाळेत काम करायची. तिने सगळं ऐकून घेतलं आणि नवऱ्याकडे पाहिलं. विनीत टीव्हीकडे बघत म्हणाला, "सव्वा महिन्याचा तर प्रश्न आहे. आईच्या मनाला शांती मिळेल."

"आणि माझ्या?"

विनीतने टीव्हीचा आवाज वाढवला. कुंदाने माळ हातात घेतली. रविवारी सकाळी कीर्तीने बॅग भरली.

"आई, एक सांगून जाते," ती दारात म्हणाली. "सव्वा महिना मोजून परत येणाऱ्यातली मी नाही. आज गेले की गेले."

रविवारी फोन शांत होता, सोमवारीही. सरस्वतीबाई डोळे मोठे करून म्हणाल्या, "बघितलंत ना, कुंदाताई? उंबरा ओलांडला आणि थंड." कुंदाला हायसं वाटलं. हायसं वाटल्याची लाजही वाटली. पण वाटलं खरं.

मंगळवारी सकाळी विनीतने कामावरून फोन केला. "आई, तुझा रिचार्ज शनिवारीच संपलाय. कीर्ती करायची ना दर वेळी, माझ्या लक्षातच नाही. आत्ता मारतो."

दहा मिनिटांनी कुंदाने पोथी उघडली. सातव्या ओवीवर बाई नाचली.

घरात ती एकटी. कीर्ती दोन स्टेशनं पलीकडे, उल्हासनगरात माहेरी. शांतता होती ती कीर्ती गेली म्हणून नव्हती, नेट बंद होतं म्हणून होती. एकतीस वर्षं मणी मोजणारी बाई मोजणीत सहसा चुकत नाही, आणि इथे दोनच गोष्टी मोजायच्या होत्या. सून नाही तरी बाधा आहे. नेट नाही तर बाधा नाही. हे कसलं भूत, ज्याला रिचार्ज लागतो?

मग तिला राग आला. आधी स्वतःचा. पोथी समोर ठेवून आपण एका निरपराध पोरीला घराबाहेर काढलं, आणि वर देवाला नैवेद्य दाखवला.

ती उठली आणि उल्हासनगरला गेली. स्टेशनबाहेर मोबाईल दुरुस्तीची दुकानं ओळीने होती. प्रीतम नावाच्या एका सिंधी माणसाच्या दुकानात गर्दी कमी होती. कुंदाने फोन पुढे केला आणि हळू आवाजात लक्षण सांगितलं. तो हसला नाही.

"मावशी, बटण दाबून धरा. आता पडद्यावर 'पॉवर ऑफ' आलं ना, त्याच्यावर बोट ठेवून दाबून धरा. सेफ मोड विचारतो, हो म्हणा."

फोन बंद होऊन चालू झाला. कोपऱ्यात सेफ मोड अशी अक्षरं आली.

"अब देखो. नेट चालू आहे, पण बाहेरून घातलेली सगळी अ‍ॅप्स झोपली आहेत. बसा पाच मिनिटं."

पाच मिनिटं झाली, दहा झाली. कोणी नाचलं नाही.

"म्हणजे फोन चांगला आहे. घातलेल्यापैकी एक अ‍ॅप चोर आहे. चोर कसा ओळखायचा? सेटिंग्जमध्ये जा, अ‍ॅप्समध्ये जा, तिथे खास परवानग्यांमध्ये 'इतर अ‍ॅप्सवर दाखवा' असतं. दुसऱ्याच्या डोक्यावर चढायची परवानगी कोणाला आहे त्याची यादी." त्याने बोट ठेवलं. "हा बघा तुमचा भूत."

यादीत एकच नाव होतं. नित्यपादुका. शेजारी चिमुकल्या सोनेरी पादुका.

कुंदाने हात मागे घेतला. हे तर महिन्यापूर्वी भजनी मंडळाच्या ग्रुपवर सरस्वतीबाईंनी पाठवलेलं. त्यांना महाराजांच्या ग्रुपवरून आलेलं. लिंक दाबा, जे विचारेल त्याला हो म्हणा, रोज दर्शन घ्या.

"काढू?"

"अहो, देवाच्या पादुका आहेत त्यात. फोटोसुद्धा आपण केरात टाकत नाही, पाण्यात सोडतो."

प्रीतमने स्क्रू ड्रायव्हर खाली ठेवला. "मावशी, रोज चार-पाच जण येतात. सगळ्यांना कळतं चोर कोण. कोणी काढू देत नाही. कहते हैं, भगवान का फोटो है, पाप लगेगा. ज्याने बनवलं ना, त्याला हे पक्कं माहीत आहे. म्हणून तर पादुका लावल्या. जाहिरात दिसली की पैसा त्याला."

"आणि तो पडद्यामागे नेऊन शांत करतो ते?"

"ही परवानगी बंद करत असेल, और क्या. अ‍ॅप तसंच राहतं. पुढच्या वेळी तुम्ही दर्शनाला उघडलं की विचारतं, आशीर्वाद अखंड ठेवायचा? नाही कोण म्हणेल? दाबलं हो, परत सुरू."

तिच्या नेमावर, तिच्या भीतीवर, देव केरात टाकायचा नाही या तिच्या आईने शिकवलेल्या रीतीवर कोणीतरी दुकान मांडलं होतं.

"काढू नका," ती म्हणाली. "मला शिकवा. मी काढीन."

तिने ते सगळं स्तोत्रासारखं पाठ केलं. तिथून ती कीर्तीच्या माहेरी गेली. कीर्तीने दार उघडलं, आत या म्हणाली नाही. कुंदाने उभ्या उभ्या सांगितलं, काय झालं आणि कसं झालं. "मी चुकले," शेवटी म्हणाली.

"आई, माझं नाव तुम्ही शंभर माणसांत घेतलंत. चूक इथे जिन्यात कबूल करताय."

कुंदा जिना उतरली.

गुरुवारी चार वाजता ती मोरिवलीच्या शेडमध्ये होती. परात, हळद, धूर, सगळं तसंच. महाराजाचं निरूपण पिंपळावरून टॉवरवर आलं तशी ती उठून उभी राहिली.

"या माई. गेली का सून बाहेर?"

"गेली. बाधा राहिली. आज माझा फोन सगळ्यांसमोर शांत करा. पडद्यामागे नको."

"शक्ती उघड्यावर चालत नाही, माई."

"बरं. मंडळी, नित्यपादुका कोणाकोणाच्या फोनात आहे? हात वर करा."

लोकांना वाटलं भक्तीची हजेरी आहे. झाडून सगळे हात वर गेले.

"आता ज्यांच्या फोनात बाधा आहे, त्यांनीच हात वर ठेवा."

एकही हात खाली आला नाही. मग लोक एकमेकांच्या हातांकडे बघायला लागले.

कुंदाने फोन उंच धरला. बटण दाबलं, सेफ मोड, सेटिंग्ज, परवानगीची यादी. एकेक पायरी ती मोठ्याने सांगत गेली. तिच्या मोठ्या आवाजाची तिलाच ओळख नव्हती. "आता हे काढायला गेलं तर निघत नाही, कारण याने आपल्याला विचारून स्वतःला फोनाचा मालक केलंय. सेटिंग्जच्या शोधात 'डिव्हाइस अ‍ॅडमिन' लिहा. तिथे याची खूण आधी काढायची. मग अनइंस्टॉल."

"थांबा," महाराज पाटावरून उठला. "देव पुसते ही बाई. गुरूच्या पादुका केरात टाकते. अगं, घर मोडेल तुझं."

"घर तू मोडलंस. माझी सून तू काढलीस, मी ऐकलं म्हणून. तिचं नाव मी इथे घेतलं होतं, तर इथेच सांगते. कीर्तीचा काही दोष नव्हता. दोष माझा, आणि तुझा." तिने फोन आणखी उंच धरला. "एकतीस वर्षं मी ज्याला रोज हाक मारते, त्याला मी ओळखते. तो माझ्या पोथीवर नागव्या बाया नाचवत नाही. हा देव नाही. देवाचा मुखवटा घालून घरात शिरलेला चोर आहे, आणि चोराला कोणी विसर्जित करत नाही. हाकलतात."

तिने बटण दाबलं. पादुका गेल्या. आभाळ कोसळलं नाही.

पहिल्या रांगेतली बनूबाई उठली, मोरिवलीचीच, सत्तरीची. परातीतून आपला फोन तिने स्वतः उचलला, हळदीसकट. "माजी सून दोन म्हैनं झालं म्हायेरा हाय," ती महाराजाकडे बघत म्हणाली. "पोर लहान हाय तिचं. तूच बोललास ना रं, तिच्या पायानं आलंय म्हून?" मग कुंदाकडे वळून फोन पुढे केला. "बाय, माजा पन काड गो."

त्या शेडमध्ये त्या दिवशी अशा घराबाहेर काढलेल्या किती सुना निघाल्या, ते लिहायला हात धजत नाही. परात रिकामी झाली तोवर पाटही रिकामा होता. पडद्यामागे एक चार्जर, एक घंटा आणि अर्धा उदबत्तीचा पुडा सापडला. अकरा जणांनी सह्या करून पोलिसांत तक्रार दिली आहे. पुढे काय होईल ते होईल.

शनिवारी संध्याकाळी शिरगावच्या घराची बेल वाजली. विनीतने दार उघडलं आणि बाजूला झाला. कीर्ती बॅग खाली न ठेवता सरळ आत आली.

"बनूबाईंची सून आमच्या लॅबमध्ये साफसफाईला आहे," ती म्हणाली. "तिला सासूकडून कळलं, तिने सांगितलं काय काय झालं ते." मग तिने हात पुढे केला. "तुमचा फोन द्या."

"कशाला?"

"हात लावायचाय."

कुंदाने फोन तिच्या हातात ठेवला, तेव्हा कीर्तीने बॅग खाली ठेवली.

बायांनो, बाबांनो, नेम जरूर करा, कोणी अडवत नाही. पण फोनात काही नको ते दिसलं तर फोन उघडून बघा, कोण आत शिरलंय, त्याला कोणी आणि कधी हो म्हटलं. येत नसेल तर जाणत्याला विचारा, विचारण्यात कमीपणा नाही. ग्रुपवर आलेली लिंक दाबण्याआधी ती कुठून आली ते पाहा, मग तिच्यावर कोणत्याही देवाचं चित्र असो. आणि बिघाड यंत्रात असताना जो घरातल्या माणसाकडे बोट दाखवतो, त्याचा हात आधी धरा. देवाने डोकं दिलंय, ते फक्त टेकवायला नाही.