तिसरी की चौथी

"चौथी," महानंदा म्हणाली. "माझ्या पोरीला चौथीच लिवा."

कृष्णराज सरांचं पेन थांबलं. लातूरहून आलेले हे डॉक्टर उमरग्याच्या थेरपी केंद्रात सेरेब्रल पाल्सी असलेल्या मुलांची पाहणी करत होते. मूल रोजच्या जगण्यात कसं हलतं-फिरतं, त्यावरून त्याला पाचांपैकी एक पातळी द्यायची. पहिलीतलं मूल आपलं आपण चालतं, पाचवीतल्याला मानही सावरत नाही. वॉकर धरून चालतं ते तिसरीत; बहुतेक वेळ उचलून न्यावं लागतं ते चौथीत. आईला आणि थेरपिस्टला वेगवेगळं विचारलं तर पातळी एकच येते का, हे त्यांना बघायचं होतं.

"शिवरंजनी मॅडमनी तिसरी दिलीय," ते म्हणाले.

"दिऊ द्या की. त्येनला काय म्हाईत? न्हाणीत, अंगणात, शाळंत म्या उचलून नेते. पोरगी माझी हाय का त्यांची?"

शेवटचं वाक्य जरा जोरात निघालं. उघड्या दारातून पलीकडची खोली दिसत होती. शिवरंजनी सतरंजीच्या टोकाला मांडी घालून बसली होती आणि आठ वर्षांची शांभवी वॉकर रेटत तिच्याकडे चालली होती. दातांत जीभ, लाल झालेला चेहरा, आत वळलेले गुडघे एकमेकांना घासत होते. शिवरंजनीनं हात पुढे केला नाही. पोचल्यावर शांभवी हसली. तोंडभर, मान मागे टाकून.

ते हसू महानंदाला घरी कधी मिळालं नव्हतं.

घरी नुसतं मॅडमपुराण. मॅडम असा भांग पाडतात. मॅडम भाकरी डाव्या हातानं मोडायला सांगतात. एकदा शांभवी म्हणाली, मॅडमच्या हाताला छान वास येतो. महानंदानं गुपचूप केंद्रातला साबण बघून घेतला, बाजारातून तसाच आणला. शांभवीनं आईचा तळवा हुंगला आणि म्हणाली, "मॅडमचा वास येगळाय, अव्वा."

केंद्रानं घरासाठी दिलेला वॉकर ज्वारीच्या पोत्यांमागे पडून होता. "दारातून जात न्हाय," असं तिनं शिवरंजनीला सांगितलं होतं. तो जात होता.

दोघींचा मेळ बसेना, तेव्हा सर म्हणाले, घरी येऊन बघतो.

ते आले, सोबत शिवरंजनीही. महानंदाचा नवरा सोमलिंग हायवेवरचं पंक्चरचं दुकान बंद करून, शटर ओढून आला होता. शांभवी धुतलेला फ्रॉक घालून पलंगावर बसली होती. चहा झाला. शिवरंजनीची नजर पोत्यांमागच्या चाकांवर गेली. तिनं रिकामी बशी पुढे सारली.

"अव्वा, पाणी पाहिजे," शांभवी म्हणाली. माठ चार पावलांवर होता.

महानंदा उठली आणि पोरीच्या काखेत हात घातले. शांभवीचे हात आपसूक तिच्या गळ्यात आले. पोर कडेवर बसली. महानंदानं शिवरंजनीकडे पाहिलं. बघा आता, कुणाची हाय.

तेवढ्यात शांभवी तिच्या कानाशी लागली. "खाली सोड की, अव्वा. मॅडम बघायल्यात."

महानंदानं सोडलं नाही. उलट आवळून धरलं. "बघितलंत न्हवं, सर?" ती म्हणाली.

सरांनी मान डोलावली. निघताना शिवरंजनी दारात थांबली. ती रागावली, तर आपल्यालाही चार शब्द सुनावता येतील, म्हणून महानंदा वाट बघत होती.

"तिला जास्तीत जास्त जमतं ते मी धरलं होतं, ताई," शिवरंजनी म्हणाली. "रोज जे होतं तेच धरायचं असतं. चौथीच बरोबर आहे."

महानंदा जिंकली होती. संध्याकाळी भाकरी थापताना तिचं मन लागेना. पोर भिंतीकडे तोंड करून पडली होती. महानंदा कडेवर घ्यायला गेली तर तिनं अंग ताठ केलं.

"मॅडमकडं जायचं व्हय तुला?"

"मला मॅडमकडं न्हाय जायचं," शांभवी रडत म्हणाली. "मला उठायचंय."

महानंदानं तवा चुलीवरून उतरवला. मग बाहेर जाऊन सोमलिंगला म्हणाली, "अहो, उंबऱ्याला फळी लावून द्या. वॉकरची चाकं अडकतील."

त्यानंतर पोर वॉकर रेटत घरभर आदळू लागली. माठाशी, चुलीशी, दाराशी. ती पडली की महानंदा पदर मुठीत धरून बसून राहायची. शेजारची सत्यभामा म्हणाली, "बाई, आई हाईस का कोण?" महानंदानं पदर आणखी घट्ट धरला; सोडला असता तर ती पोरीकडे धावतच सुटली असती.

काही आठवड्यांनी सर परत केंद्रात आले. त्याच माणसानं पुन्हा सांगितलं तर पातळी तीच येते का, हे आता बघायचं होतं.

"तिसरी," महानंदा म्हणाली.

सर वैतागले. "अहो, एवढ्यात पातळी बदलत नसते. मग तेव्हाचं उत्तर चुकलं होतं का?"

"तवा म्या उचलत हुते. तवाचं ते खरं." ती थांबली. "आता उचलत न्हाय. ही पातळी पोरीची हाय, सर. आदुगर सांगितली ती माझी हुती."

सरांनी पेन खाली ठेवलं.

बाहेर पडताना शांभवीनं वॉकर वळवला तो शिवरंजनीकडे. तिच्या कमरेला मिठी मारली. शिवरंजनीनं तिच्या केसांतून हात फिरवला. महानंदाला आजही ते बघवेना. तिनं मान फिरवली आणि फाटकातून बाहेर जाऊन रिक्षा थांबवली.

शांभवी निघाली. थांबत, मागे वळून मॅडमला हात करत, पुन्हा चाकं रेटत. हायवेवरून ट्रक धडधडत जात होते. रिक्षावाला कंटाळून खाली उतरला.

"आणू का उचलून, वहिनी?"

"नको," महानंदा म्हणाली. "येती ती."

आणि आपणच पुढं धावू नये म्हणून तिनं रिक्षाचा दांडा दोन्ही हातांनी घट्ट धरून ठेवला.