लाल कोपरा

मी बोलतोय, मेघाच्या मोबाईलमधलं कच्चं ॲप. हो, कच्चंच. बाजारात यायला मला अजून अवकाश आहे. आसपासच्या वायफायची रेंज कुठं चांगली, कुठं मंद, एवढं दाखवणं माझं काम. चांगली असली की मी हिरवा होतो, मंद असली की लाल.

मला सुलेखा आणि तिच्या ऑफिसातल्या पोरींनी घडवलं. पक्कं करण्याआधी चार घरांत वापरून बघावं म्हणून तिनं मला आपल्या वहिनीच्या मोबाईलमध्ये टाकलं. घरभर फिरा आणि काय वाटलं ते सांगा, एवढंच म्हणाली.

मेघा फिरली. कडेवर पाच महिन्यांचा सम्यक. मी हिरवा झालो की तिचा चेहरा उतरायचा, लाल झालो की उजळायचा. मला वाटलं, माझंच काही बिघडलं. मग कळलं, ती झोळीसाठी जागा शोधत होती. वायफायची किरणं लेकराच्या डोक्याला बाधतात, असं तिनं कुठंसं ऐकलं होतं. खरं का खोटं, मला ठाऊक नाही. मी फक्त मोजतो.

सगळ्यात लाल झालो ते धान्याच्या खोलीत. तिथं खिडकी नाही, कूलरची हवा नाही. तिनं तिथंच झोळी बांधली.

शेंद्र्याच्या कारखान्यात कामावर जाताना संघपाल, तिचा नवरा, म्हणाला, तिथं लई उकडतं. तिनं ऐकलं नाही.

दोन दिवसांत सम्यकच्या मानेवर घामोळ्या उठल्या. रडून रडून पोर बेजार. मेघा सारखी मलाच उघडायची. "लालच तर हाय. मग रडतंय का?"

मला तोंड असतं तर सांगितलं असतं. ते सासूबाईंनी, केसरबाईंनी सांगितलं. पदरानं नातवाची मान टिपत म्हणाल्या, "आगं, त्या मोबाईलला घाम येतो का? लेकराला येतो. तू लेकराकडं बघ."

मेघानं धान्याच्या खोलीतली झोळी सोडली. झोळी खिडकीपाशी आली. जीव मात्र थाऱ्यावर नव्हता, म्हणून तिनं घरातल्या वायफायच्या डबीचं बटणच बंद केलं आणि मला उघडलं. मी तरीही हिरवा. शेजारच्या घरांचं वायफाय भिंतीतून येतच होतं. तिनं माझ्याकडं पाहिलं, मग झोपलेल्या सम्यककडं. खूप वेळ त्याच्याकडंच.

सुलेखानं विचारलं, काय चुकतंय ॲपमध्ये? मेघा म्हणाली, "चुकत काय नाय, ताई. फक्त त्यात लिवा, झोळी कुठं बांधावी ते हे सांगत नाय."

सुलेखा आधी हसली. मग हसू थांबलं.

आता पक्कं ॲप येईल आणि मला काढून टाकतील. त्याचं दुःख नाही. तेवढं वाक्य त्यात घाला, म्हणजे झालं. मेघानं मला बरेच दिवस उघडलेलं नाही. तिचा हात झोळीच्या दोरीवर असतो.