मर्यादेबाहेरची गिटार

१९८८च्या गणेशोत्सवात अंबादास ठोंबरे यांनी कांचघर वस्तीतल्या मंडपात दीड तास रॉक गिटार वाजवली होती. त्या कार्यक्रमाची एकच कॅसेट होती. आता दोन वर्षांपासून त्यांचा डावा हात कापत असे, आणि आपण कधीकाळी बरे वाजवत होतो याचा तेवढाच पुरावा उरला होता. म्हणून कॅसेटचा आवाज स्वच्छ करण्यासाठी त्यांनी ती नीलकंठ बोबडे यांच्याकडे सोपवली.

नीलकंठ संरक्षण कारखान्याच्या तपासणी विभागातून निवृत्त झालेले. संगणकावर जुने आवाज निर्मळ करण्याचे कामही ते तितक्याच निष्ठेने करीत. तीन आठवड्यांनी त्यांनी सीडी आणि सही केलेला तपासणीचा कागद आणून दिला.

"कॅसेटभर एक घरघर होती, अंबादासजी. सगळी काढली."

"ती गिटार होती."

नीलकंठांनी कागद पुन्हा वाचला. "मर्यादेबाहेर होती," ते म्हणाले.

अंबादासांनी मूळ कॅसेट मागितली, तेव्हा ती तोडल्याचे कळले. नापास माल त्याच दिवशी मोडायचा, म्हणजे तो चुकून भांडारात परत जात नाही, हा नीलकंठांचा चौतीस वर्षांचा शिरस्ता होता. फितीचे एकसारखे तुकडे त्यांनी पाकिटात घालून आणले होते.

गणेशोत्सव मंडळाने ध्वनिमुद्रण ऐकवण्याचा कार्यक्रम आधीच जाहीर केला होता, त्यामुळे तो झाला. ड्रमही त्याच घरघरीबरोबर गेले होते. उरले होते फक्त श्रोते. विष्णुपंतांची शिंक ऐकू आली; त्यांना जाऊन बारा वर्षे झाली होती, तरी त्यांच्या सुनेने डोक्यावर पदर ओढला. तेव्हा सापडलेल्या छत्रीची सूचना ऐकू आली आणि इंदिराबाई नकळत उभ्या राहिल्या.

अंबादासांची पत्नी सुनेत्राबाई शेजारीच बसल्या होत्या. १९८८च्या त्या दिवशी डोके दुखत होते म्हणून आपण पहिल्याच गाण्यानंतर घरी गेलो, असे त्यांनी आजवर सांगितले होते. चाळिसाव्या मिनिटाला त्यांचा तरुण आवाज स्वच्छ ऐकू आला.

"काहून उठून राहिली गं? बस. आता यांचं चांगलं येते."

त्यानंतर काहीच नव्हते. ती अंबादासांच्या सर्वांत चांगल्या वादनाची अकरा मिनिटे होती. सभागृहातले कोणीही उठले नाही.

"डोकं खरंच दुखत होतं," सुनेत्राबाई समोर पाहत हळूच म्हणाल्या.

अंबादासांची डावी बोटे खुर्चीच्या लोखंडी हातावर फिरू लागली. ती कापत होती, पण जागा चुकत नव्हती. मागच्या रांगेतून नीलकंठ अदबीने पुढे झुकले.

"अंबादासजी, आवाज येऊन राहिला."

अंबादासांनी बोटे उचलली, सुनेत्राबाईंच्या मनगटावर ठेवली आणि पुढचे तिथे वाजवले. ध्वनिमुद्रणातल्या टाळ्या सुरू झाल्या, तेव्हा त्यांचे अजून थोडे बाकी होते.