कंसातला एक

दहिवलीच्या क्लासात दहावीला बसलेली आवडी चाळिशीची, बाकी सगळी पोरं तिच्या पोराच्या वयाची. साईनाथ सरांनी फळ्यावर १२xy + ६x लिहिलं आणि सामाईक अवयव बाहेर काढायला सांगितलं. पोरांनी ६x बाहेर काढला आणि कंसात नुसतं २y ठेवलं.

"दुसऱ्या पदात काय उरलंच नाय, सर!"

आवडीचं डोकं सणकलं. ठाकुरवाडीच्या रानात तिनं जन्मभर कंद खणले होते. अख्खा कंद काढला, तरी कोंब फुटणाऱ्या डोळ्याचा एक तुकडा खड्ड्यात परत पुरायचा. नाहीतर पुढच्या साली तिथं वेल दिसत नाही.

ती ताडकन उठली आणि सरांच्या हातातला खडू घेतला.

"उलटं गुणून बघा रं! सहा एक्स गुणिले दोन वाय म्हंजे बारा एक्स वाय. मग दुसरा सहा एक्स कुठनं आणाल?"

तिनं कंसात २y पुढं ठसठशीत + १ लिहिला.

"सगळं काढा, पण खड्डा रिकामा ठेवायचा नाय!"

साईनाथ सर हसत पहिल्या बाकावर जाऊन बसले. खडू तिनं परत दिलाच नाही.