कोरडी दुपटी

"पदर नीट घे. पाजायचं नाही म्हणून सांगितलं ना तुला?"

आत्याबाई गोठ्यातून आल्या त्या शेणाने भरलेल्या हातांनिशी थेट खोलीच्या उंबऱ्यात उभ्या राहिल्या. सुनेने दहा महिन्यांच्या बाळाला छातीशी धरले होते. सासूचा आवाज कानी पडताच तिचे हात जागच्या जागी थबकले.

"आत्याबाई, ओठ सुकलेत त्याचे. दोन घोट तरी घेऊ द्या."

"दोन घोट घेईल आणि चार वेळा जाईल. कालपासून बघतेयस ना? वरून घातलं तेच खालून वाहतंय. उद्यापर्यंत दूध नाही, पाणीही नाही. पोटाला जरा निवांत राहू दे."

"नर्सबाई म्हणाल्या होत्या, जुलाब झाले तरी पाजणं थांबवू नका. पुड्या पण दिल्यात त्यांनी, पाण्यात कालवून द्यायच्या."

"नर्सबाईंनी वासरं किती वाढवली, विचार एकदा."

सुनेने बाळाला छातीपासून दूर केले. सारे गाव त्यांना आत्याबाई म्हणे आणि त्यांचा शब्द खाली पडू देत नसे. चाळीस वर्षांत त्यांच्या गोठ्यातले एकही वासरू हगवणीने दगावले नव्हते. वासराचे पोट बिघडले की त्याच्या तोंडाला जाळीचे मुसके बांधायचे, त्याला गाईपासून दिवसभर दूर ठेवायचे, हा त्यांचा रिवाज. लांबलांबून माणसे विचारायला येत आणि आत्याबाई हेच सांगत. नर्सबाईंच्या पुड्या त्यांनी फळीवरच्या डब्यात टाकल्या होत्या, त्या तिथेच होत्या.

उन्हाळा टोकाला पोचला होता. शिवारातली काळी माती फाटून तिच्या भेगांत हात जाईल अशी झाली होती. विहिरीच्या तळाशी उरलेले पाणी गढूळ येई. ते फडक्याने गाळून सारे घर पीत होते, पोट बिघडेपर्यंत बाळही.

आदल्या दिवशी अंगणातल्या दोरीवर अकरा दुपटी वाळत होती. आज दुपारपर्यंत दोनच भिजून दोरीवर पडली. तिसरे दुपटे आत्याबाईंनी स्वतः चाचपले. ते कोरडे होते.

"बघ," त्या सुनेला म्हणाल्या. "कोरडं ठणठणीत. बसलं की नाही पोट? उगाच जीव टांगणीला लावून घेतलास."

सून भिंतीला टेकून बसली होती. तिची चोळी दुधाने भिजून पुन्हा वाळली होती. ती हळूच म्हणाली, "सकाळी रडला तेव्हा डोळ्यांत टिपूस नव्हतं त्याच्या. आता तर रडतही नाही."

"निजलाय. निजू दे."

पण तो निजला नव्हता. डोळे अर्धवट उघडे होते, खोल गेले होते, आणि कुठेही पाहत नव्हते. आत्याबाईंनी त्याला मांडीवर घेतले. डोक्यावरून हात फिरवताना टाळूवर त्यांचे बोट अडले. ओल्या मातीत अंगठा दाबावा तसा तिथे खळगा पडला होता. मग त्यांच्या हाताने, त्यांना न विचारताच, ते केले जे तो वासराच्या मानेशी नेहमी करी. त्यांनी बाळाच्या पोटाची कातडी चिमटीत धरली आणि सोडली.

चिमटीची घडी तशीच उभी राहिली.

वासराची घडी अशी राहिली की अंगातले पाणी आटले समजायचे, हे त्यांच्याइतके गावात कुणालाच ठाऊक नव्हते. आणि त्या क्षणी त्यांना आणखी एक गोष्ट आठवली. मुसके बांधलेल्या प्रत्येक वासराला त्या स्वतः दिवसातून पाच-सहा वेळा मुसके सोडून मीठ-गुळाचे पाणी पाजत आल्या होत्या. चाळीस वर्षे. हाताच्या सवयीचे काम ते; त्यांनी ते कधी उपचारात धरलेच नव्हते, म्हणून कुणाला सांगितलेही नव्हते. सांगितले ते फक्त मुसके.

लेकाने दूध वाहायची गाडी काढली. आत्याबाई अनवाणीच बसल्या. मोठ्या रस्त्यावरच्या दवाखान्यात डॉक्टरांनी सलाईन लावायला बाळाच्या हातात शीर शोधली, मग पायात शोधली, मग डोक्याशी शोधली.

"शेवटची लघवी कधी झाली?" त्यांनी विचारले.

लेकाने बायकोकडे पाहिले. सुनेने सासूकडे पाहिले. उत्तर आत्याबाईंपाशी होते. दुपटी त्यांनीच मोजली होती. 

दिवस मावळायच्या आत बाळ गेले.

सुनेने सासूला बोल लावला नाही. पहाटे उठून धारा काढी, भाकऱ्या थापी, सासूचे ताट वाढी. फक्त बोलणे तेवढे थांबले. आत्याबाई रोज वाट पाहत, की आज ही भांडे आपटेल, आज तरी टाकून बोलेल. चार महिने गेले, पाऊस येऊन उतरणीला लागला, शिवार हिरवे झाले, तरी घरात कुणी ब्र काढला नाही. गोठ्यातल्या खुंटीवरचे मुसके मात्र आत्याबाईंनी एके सकाळी चुलीत घातले.

एका दुपारी शेजारच्या शिंपिणीच्या घरातून लेकराचे बारीक रडणे आले. आत्याबाई कान देऊन बसल्या. कालही हेच रडणे होते, पण मोठे होते. त्या उठल्या.

शिंपीण शिवणयंत्रापाशी आठ महिन्यांची लेक घेऊन बसली होती. आत्याबाईंना पाहून ती सावरली. "या ना. काही नाही हो, पोट बिघडलंय. सकाळपासून अंगावर घेतलं नाही तिला."

"का?"

शिंपीण गोंधळली. "तुम्हीच सांगितलं होतं की, माझ्या थोरल्याच्या वेळी. पोट रिकामं ठेव म्हणून."

आत्याबाई खाली बसल्या. बाळाच्या टाळूवर त्यांनी बोट ठेवले. थोडी खोल होती. पोटाची कातडी धरून सोडली. सावकाश का होईना, बसली. "ओली कधी झाली शेवटची?"

"सकाळी. थोडीशी."

"जुलाबात रक्त?"

"नाही."

"तिला घे आणि पाज. आत्ता, माझ्यासमोर. आणि तुझ्या नवऱ्याला माझ्या लेकाकडे पाठव, गाडी दारात आणून ठेव म्हणावं."

"पण तुम्हीच तर—"

"मी चुकीचं सांगितलं होतं." आत्याबाईंनी मान खाली घातली नाही. "तुझा थोरला नशिबाने वाचला. माझा नातू माझ्या हातानं गेला. तहानेनं गेला तो. घरात दूध होतं, पाणी होतं, फळीवर पुड्या होत्या, आणि मी त्याला तहानेनं मारला. पाज तिला."

दाराशी भांड्याचा आवाज झाला. सून उभी होती. हातात उकळून गार केलेल्या पाण्याचा तांब्या होता, आणि मुठीत दोन पुड्या. केव्हा आली, काय ऐकले, तिने सांगितले नाही. हात साबणाने धुऊन तिने लिटरभर पाण्यात एक पुडी कालवली आणि वाटी-चमचा सासूपुढे ठेवला.

आत्याबाई चमचा चमचा पाजू लागल्या. बाळाने ओकले, तेव्हा दहा मिनिटे थांबल्या आणि पुन्हा सुरुवात केली, आणखी सावकाश. शिंपीण मधूनमधून छातीशी घेई. गाडी दारात उभी होती. आत्याबाईंनी सांगून ठेवले, की उन्हं कलेपर्यंत ओली झाली नाही किंवा मान टाकली तर कुणी कुणाला विचारत बसायचं नाही, निघायचं. झालीच ओली, तरी नर्सबाईंना आजच दाखवायचं आणि त्या देतील ती जस्ताची गोळी पूर्ण चौदा दिवस द्यायची.

उन्हे कलायला आली. भिंतीवरचा किरण शिवणयंत्राच्या चाकापर्यंत सरकला. लेकाने गाडीशी खाकरून आठवण दिली. आत्याबाई उठणार, तोच मांडीवर काहीतरी ऊन ऊन पसरले. लुगडे भिजले, खालची सतरंजी भिजली.

त्या हलल्या नाहीत. बाळ आता जोरात रडू लागले होते आणि त्याच्या गालावरून पाणी ओघळत होते.

सून उठून घरी गेली. परतली तेव्हा तिच्या हातात एक दुपटे होते, पेटीत चार महिने घडी करून ठेवलेले. ते कुणाचे होते, हे शिंपिणीच्या घरात कुणी विचारले नाही. वाकून तिने सासूच्या मांडीखाली हात घातला आणि ओल चाचपली, पुन्हा चाचपली.

"ओलं आहे, आत्याबाई," ती म्हणाली.

चार महिन्यांतले तिचे ते पहिले शब्द. आत्याबाईंनी कोरडे दुपटे हातात घेतले, पण बाळाखाली घालायला त्यांना फार वेळ लागला.