बिजागरी नसलेली टोपी

"काका, या पुड्या काढून टाका सगळ्या. शीट्सचे फोटो काढायचेत, कॅमेऱ्यात सावली पडते," संग्रहाच्या प्रमुख बाईंनी दारातूनच सांगितलं.

डिंककाकांच्या हातातला ब्रश तसाच राहिला. "सगळ्या?"

"सगळ्या. चारशे बारा शीट्स. शुक्रवारपर्यंत."

सुक्या वनस्पतींच्या या संग्रहात डिंककाका एकतीस वर्षं जाड कागदाच्या शीट्सवर झाडं चिकटवत होते. त्यांचं खरं नाव हजेरीपुस्तकापुरतं उरलं होतं. एकतीसपैकी बावीस वर्षं एकाच कपाटापाशी गेली. त्यात उष्ण रानांतली, जांभळाच्या कुळातली झुडपं होती. त्यांच्या कळीला झाकणासारखी इवलीशी टोपी असते. फूल उमललं की ती बिजागरीवर लटकल्यासारखी एका बाजूला लोंबते, वाळली की गळते. गळलेल्या टोप्या काका पुडीत घालून शीटच्या कोपऱ्यात डकवत. बायको म्हणायची, "झाडांच्या टोप्या सांभाळता आणि स्वतःची बसमध्ये विसरून येता."

आता झुडपांचा हा गटच मोडीत निघाला होता. नव्या तपासणीत तो म्हणे शेजारच्या मोठ्या गटातलाच ठरला. त्याचं काकांना फारसं काही वाटलं नाही. त्यांचा जीव अडकला होता एका शीटमध्ये. तिच्यावरची फुलं पूर्ण उमललेली, आणि पुडीतल्या टोप्यांना बिजागरीची खूणच नाही. बाटलीच्या बुचासारख्या अख्ख्या सुटलेल्या. हे झुडूप वेगळं होतं, नक्की वेगळं होतं. काकांनी ते आधीच्या तीन साहेबांना सांगितलं, या बाईंना सांगितलं. पालथ्या घड्यावर पाणी.

"बाई, ही एवढी एक पुडी बघा. दोन मिनिटं," ते पुन्हा म्हणाले.

"काका, तुम्ही डिंक लावा. शास्त्र आम्ही बघतो."

"बघत नाही ना, तेच तर म्हणतोय!" काका चिडून म्हणाले. पण बाई फोन कानाला लावून निघूनही गेल्या होत्या.

चार दिवस काका पुड्या सोडवत राहिले. ओला बोळा फिरवायचा, पुडी सुटली की टोप्यांसकट कचऱ्याच्या टोपलीत. आपण डकवलेलं आपल्याच नखानं खरवडायचं. तोंड दाबून बुक्क्यांचा मार नुसता. ती एक पुडी मात्र त्यांनी खिशात घातली.

सोमवारी त्यांनी त्यातल्या टोप्या सूक्ष्मदर्शकाखाली मांडल्या आणि बाईंची वाट अडवून उभे राहिले. "बघितल्याशिवाय मी हलायचा नाही."

बाईंनी कंटाळून डोळा लावला. मग हातानंच चाचपडत खुर्ची ओढली आणि बसल्या.

"काका, अहो, हे वेगळंच आहे! आधी का नाही बोललात?"

काकांची कानशिलं तापली.

"बाकीच्या शीट्सच्या टोप्या आणा बरं. ताडून बघू. अशा आणखीही निघतील."

"कुठून आणू?" काका म्हणाले. "शनिवारी कचऱ्याची गाडी येऊन गेली."

बाईंनी एक कोरी चिठ्ठी घेतली. 'नवी जात असावी' असं लिहिलं. खाली 'ओळख पटवणारी व्यक्ती' या शब्दांपुढे पेन क्षणभर थांबलं, आणि त्यांनी स्वतःचं नाव लिहिलं.

"चिकटवा," त्या हळूच म्हणाल्या.

काकांनी चिठ्ठीच्या पाठीला डिंक लावला, ती शीटवर टेकवली आणि अंगठ्यानं कडेकडेनं आतली हवा बाहेर काढली. चिठ्ठी अगदी सरळ बसली.